सैतान म्हणजे कोण?



'सैतान' म्हटले की शिंगे, शेपटी आणि हातात काटा घेतलेली आकृती आपल्या डोळ्यांसमोर येते. हे चित्र पवित्र शास्त्रातले नाही. मध्ययुगातील युरोपीय चित्रकलेतून ते आपल्यापर्यंत आले. मग पवित्र शास्त्र काय सांगते?

हिब्रू भाषेत 'सातान' म्हणजे विरोधक, आरोप करणारा. ईयोबाच्या पुस्तकात तो देवाच्या दरबारात येऊन ईयोबाच्या निष्ठेवर शंका घेतो. जखऱ्याच्या ग्रंथात (अध्याय ३) तो मुख्य याजक यहोशवावर दोष ठेवण्यास उभा आहे. दावीद राजाच्या शिरगणतीची हकीगत दोनदा येते. २ शमुवेल २४ प्रमाणे देवाच्या कोपामुळे दावीद तिला प्रवृत्त झाला. पुढील काळात लिहिलेल्या १ इतिहास २१ मध्ये मात्र सैतानाचे नाव येते. देव कोणाला पापात लोटत नाही, ही जाण देवाच्या प्रजेत हळूहळू स्पष्ट होत गेली.

एदेन बागेतील सर्पाला उत्पत्तीच्या पुस्तकात सैतान म्हटलेले नाही. ती ओळख ज्ञानग्रंथात (२:२४) सूचित होते आणि प्रकटीकरणात (१२:९) उघड सांगितली जाते.

तरीही सैतान हा देवाच्या तोडीचा दुसरा देव नव्हे. इ. स. १२१५ च्या चौथ्या लॅटरन परिषदेने शिकवले की, देवाने त्याला चांगलेच निर्माण केले होते. तो आपणहून दुष्ट झाला.

सैतानाचे चित्र असे बदलत गेले, त्याचे जुने काम मात्र तेच राहिले. प्रकटीकरण (१२:१०) त्याला आपल्या बांधवांवर सतत दोषारोप करणारा म्हणते. याउलट, योहानाच्या शुभवर्तमानात पवित्र आत्म्याला 'कैवारी' म्हटले आहे, म्हणजे आपली बाजू घेणारा.

मिस्सा संपल्यावर चर्चच्या आवारात आपण एखाद्या कुटुंबाविषयी कुजबुजतो, भावाभावांच्या जमिनीच्या वादात तेल ओततो, तेव्हा आपण कोणाचे काम करतो? आणि चूक उघडी पडली की 'सैतानाने बुद्धी फिरवली' म्हणून मोकळे होतो! पण मोहात टाकणे एवढेच त्याच्या हाती आहे. होकार आपण देतो.

ईस्टरच्या जागरणविधीत हाती पेटती मेणबत्ती घेऊन आपण दरवर्षी सैतानाचा त्याग करतो. ते वचन या आठवड्यात पाळू या. ज्याच्यावर सारे बोट दाखवतात, अशा एका तरी माणसाचा कैवार घेऊ या.