परकी भाषा आणि वर्गातली गोडी

आपल्यातले बरेच जण पुढे बी.एड. करतील आणि कुठल्या तरी शाळेत भाषा शिकवतील. म्हणून हा अभ्यासलेख एका नेहमीच्या प्रश्नावर: नवी भाषा शिकावी असं मुलांना आतून कसं वाटेल?

'परकी' कोणती?

आदिलाबादमध्ये याचं उत्तर फक्त 'इंग्रजी' असं देता येत नाही. महाराष्ट्राच्या हद्दीला लागून असलेल्या बेला मंडलात घरी मराठी बोलणाऱ्या मुलाला पहिल्या दिवशी तेलुगूही परकीच वाटते. गोंडी किंवा लंबाडी बोलणाऱ्या मुलाचंही तेच. २०१८ च्या कायद्याने तेलंगणातल्या शाळांत पहिली ते दहावी तेलुगू टप्प्याटप्प्याने सक्तीची झाली. पण कायदा मुलाला फक्त बाकावर बसवतो. त्याला बोलतं करणं शिक्षकाच्या हाती असतं. ते झालं नाही तर 'मला तेलुगू येत नाही' याचं हळूहळू 'मला काहीच येत नाही' असं होतं. मग शाळा सुटायला वेळ लागत नाही.

प्रेरणा दोन प्रकारची

कॅनडातले अभ्यासक गार्डनर आणि लॅम्बर्ट यांनी भाषा शिकण्यामागच्या दोन प्रेरणा सांगितल्या. एक कामाची: नोकरी, परीक्षा, व्यवहार. दुसरी आपलेपणाची: ती भाषा बोलणाऱ्या माणसांत मिसळावंसं वाटणं. प्रत्यक्षात दोन्ही एकत्र नांदतात. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्रज १५७९ मध्ये गोव्यात आले. धर्मप्रसारासाठी स्थानिक भाषा येणं ही त्यांची गरज होती. पण १६१६ मध्ये रायतूरला छापलेलं त्यांचं ओवीबद्ध 'क्रिस्तपुराण' नुसत्या गरजेतून लिहून होत नाही. गरजेने सुरुवात झाली आणि पुढे भाषेचा लळा लागला.

मारलवाईचा धडा

तेव्हाच्या आदिलाबाद जिल्ह्यातलं मारलवाई हे गाव आता कुमुरम भीम आसिफाबाद जिल्ह्यात आहे. मानववंशशास्त्रज्ञ हायमेनडॉर्फ यांच्या पुढाकाराने १९४३ मध्ये तिथे गोंड तरुणांना शिक्षक म्हणून तयार करणारं केंद्र सुरू झालं. निजामाच्या राज्यात कारभाराची भाषा उर्दू होती. तरी तिथे थेट उर्दूपासून सुरुवात केली नाही. देवनागरी लिपीत गोंडी वाचनपुस्तकं तयार केली आणि मुलं आधी आपल्याच भाषेत वाचायला शिकली. शिकवणाराही त्यांच्यातलाच. 'अक्षर आपल्याला जमतं' हा विश्वास आधी आला की दुसऱ्या भाषेची भीती निम्मी होते.

वर्गात काय करता येईल?

१. ओळखीच्या शब्दांपासून सुरुवात करा. तेलुगूतली 'बंडी' इकडच्या मराठीतही बैलगाडीच आहे. 'ताळम्' म्हणजे आपलं टाळं. 'अक्का' तर घरातलीच. मग फसवे शब्दही सांगा: तेलुगूत 'गुडी' म्हणजे देऊळ, आपली गुढी नव्हे. मुलं हसतात आणि शब्द लक्षात राहतो.

२. भाषेला काम द्या. बसची पाटी वाचणं, बाजारात भाव विचारणं, आजीच्या औषधाची चिठ्ठी वाचणं. मार्कांसाठीचं पाठांतर परीक्षेनंतर विसरलं जातं, रोजच्या कामातली भाषा टिकते.

३. प्रत्येक चूक भर वर्गात थांबवू नका. वाक्य पूर्ण होऊ द्या. नंतर तेच वाक्य स्वतः बरोबर म्हणून दाखवा. ज्या मुलाचं हसं होतं ते पुढच्या वेळी हात वर करत नाही.

४. स्वतः शिका. ड्योर्नेई आणि चिझेर यांनी हंगेरीतल्या २०० इंग्रजी शिक्षकांच्या पाहणीतून भाषाशिक्षकांसाठी 'दहा आज्ञा' काढल्या. त्यातली पहिली: आपल्या वागण्यातून उदाहरण घालून द्या. गोंडी मुलांना तेलुगू शिकवणारे सर त्यांच्याकडून रोज दोन गोंडी शब्द शिकले, तर न येणं ही लाजेची गोष्ट नाही हे मुलांना न सांगता कळतं.

एक सावधगिरी. खेळ, गाणी, बक्षिसं यांनी तास रंगतो, पण तेवढ्याने गोडी टिकत नाही. 'काल येत नव्हतं, आज आलं' हा अनुभव मुलाला वरचेवर मिळायला हवा. त्यासाठी पाठ लहान हवा आणि जमेल इतकाच अवघड हवा.

स्वाध्याय: तुमच्या घरच्या बोलीत आणि तेलुगूत सारखे असलेले पाच शब्द आणि फसवे दोन शब्द शोधा. त्यांवर तिसरीच्या मुलांसाठी दहा मिनिटांचा पाठ तयार करा. मंडळाच्या पुढच्या बैठकीत तो आपण एकमेकांना शिकवून पाहू.