पटावरून पुसली गेलेली नावे

घाटंजीच्या बाजारात मिळणाऱ्या सापशिडीच्या पटावर १ ते १०० आकडे असतात. घरांना नावे नसतात. हाच खेळ आपल्याकडे ‘मोक्षपट’ आणि उत्तरेत ‘ग्यानचौपड’ म्हणून खेळला जाई, तेव्हा प्रत्येक घराला नाव होते: क्रोध, लोभ, मत्सर, दया, भक्ती. वैष्णव पटांवर बहुधा ७२ घरे, जैन पटांवर ८४. दुर्गुणाच्या घरी सापाचे तोंड, सद्गुणाच्या घरी शिडीचा पाय. महाराष्ट्रात या खेळाचे जनकत्व ज्ञानेश्वरांकडे दिले जाते; परंतु उपलब्ध पट त्यांच्यानंतर कित्येक शतकांचे आहेत, म्हणून इतिहासाच्या अभ्यासकाने ही केवळ परंपरा म्हणून नोंदवावी.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हा खेळ इंग्लंडमध्ये गेला. मोक्षाचे घर गळाले. आळसातून दारिद्र्य, उद्योगातून यश अशी चित्रे आली. जुन्या पटांवर शिड्यांपेक्षा साप अधिक असत, तेही कमी झाले. १९४३ साली अमेरिकेत मिल्टन ब्रॅडली कंपनीने तर सापांच्या जागी घसरगुंड्याच आणल्या. आपल्याकडे आज छापला जातो तो मुका पट याच वाटेने आलेला आहे.

पचिशीचेही तसेच झाले. १८९६ साली इंग्लंडमध्ये लुडोचे पेटंट घेतले गेले. कवड्यांऐवजी एक फासा आला आणि समोरासमोर बसलेल्या दोघांनी जोडीने खेळण्याची रीत मागे पडली. आम्हांला ही हानी सर्वांत मोठी वाटते. जोडीच्या खेळात सोबत्यासाठी आपली सोंगटी मागे ठेवावी लागते. लुडोत चौघांची तोंडे चार दिशांना.

मोक्षपटाविषयी मात्र आम्ही सरसकट हळहळत नाही. तेथे दयेच्या घरी पोहोचणारा दया करून नव्हे, कवड्यांचे दान पडले म्हणून पोहोचतो. आणि सापाने गिळलेल्याला ‘हे तुझेच कर्म’ असे ऐकवले जाते. आपल्या समाजाने हे तत्त्वज्ञान पटाबाहेर पुरेसे ऐकले आहे. तिबेटी बौद्ध परंपरेतही साक्य पंडितांच्या नावाने असाच एक पट सांगितला जातो. दान तेथेही फाशाचेच. (ब्रह्मजालसुत्तात भगवान बुद्ध ज्या खेळांपासून अलिप्त राहतात, त्यांच्या यादीत आठ व दहा घरांच्या रांगांचे पट आरंभीच येतात.)

तरीही नावे असलेल्या पटाशी भांडता येते, आकड्यांशी नाही. दारिद्र्याचे कारण आळसच का, असे त्या इंग्रजी पटाला विचारता आले असते. आम्ही वर्गात पुठ्ठ्यावर ७२ चौकोन आखून घरांची नावे मुलांनाच लिहावयास सांगितली. शिडीच्या पायथ्याशी बहुतेकांनी ‘शिक्षण’ लिहिले. सापाच्या तोंडाशी काय लिहावे, यावरील वाद तास संपला तरी चालूच होता.