राऊटरला कशाला गुंडाळलंस?

अगं, काल सगळ्यांसमोर बोलले नाही. पण टीव्हीमागचा राऊटर तू पोळ्यांच्या फॉइलमध्ये गुंडाळून ठेवलायस, ते पाहिलं मी. वर मलाच विचारतेस, "ताई, नेट का गं चालत नाहीये?"

'जनरेशन झॅप्ड' हा माहितीपट पाहूनच हे केलंस ना? सबीन एल गेमायल या दिग्दर्शिकेचा, २०१७ सालचा. मीही पाहिलाय. मोबाइल, वायफायने त्रास होतो म्हणणारी माणसं त्यात भेटतात, आणि जीव कळवळतो. त्यांची डोकेदुखी खरी, उडालेली झोप खरी. पण दुखणं खरं म्हणून त्याचं सांगितलेलं कारणही खरंच असेल, असं नसतं बाई. अशा लोकांवर चाचण्या झाल्यात. मोबाइल-वायफायच्या लहरी कधी सोडल्या, कधी बंद ठेवल्या, हे त्यांना कळू दिलं नाही. तर त्यांना ते ओळखता आलं नाही. बंद असतानाही त्रास व्हायचाच. पण अशा चाचण्यांपेक्षा डोळ्यांत पाणी आलेला चेहराच पडद्यावर जास्त ठसतो.

तू म्हणशील, जागतिक आरोग्य संघटनाच कॅन्सरचं नाव घेते! घेते खरं. तिच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०११ साली या लहरी '२ बी' गटात घातल्या. म्हणजे शक्यता आहे, पण पुरावा तोकडा. त्याच गटात कोरफडीच्या अख्ख्या पानाचा अर्कही आहे. गॅलरीतली कोरफड काही तू उपटून टाकली नाहीस! पुढे २०२४ मध्ये याच संघटनेने करवून घेतलेल्या मोठ्या आढाव्यात मोबाइलचा आणि मेंदूच्या कर्करोगाचा संबंध दिसला नाही. आणि बोलून बोलून कान तापतो ना, तो बहुतेक बॅटरीच्या आणि आतल्या भागांच्या उष्णतेने.

तरी मन खातंय? मग अंतर ठेव. लांबलचक गप्पा स्पीकरवर किंवा इअरफोन लावून मार. लिफ्टमध्ये, घाटात रेंजची एकच दांडी असते तेव्हा फोन टॉवर गाठायला जास्त जोर लावतो, म्हणून तेव्हा बोलणं आवर. स्टार हॅश शून्य सात दाबलंस की तुझ्या फोनचा 'सार' आकडाही दिसेल, म्हणजे शरीरात किती लहरी शोषल्या जातात त्याचं माप. आपल्याकडे त्याची मर्यादा किलोला १.६ वॅट आहे, बघून घे आणि निवांत हो.

आता खरं सांगू? तू त्या माहितीपटाची लिंक पाठवलीस ती रात्री दीड वाजता. पांघरुणात शिरून, फोन नाकाशी धरून बघत असणार, ओळखते मी तुला. आणि सकाळी म्हणतेस, लहरींनी झोप उडाली! आजपासून फोन स्वयंपाकघरात चार्जिंगला लावायचा. आणि ती फॉइल काढ गं, उद्या डब्याला लागेल.