ब्रह्मलोकातली वीस मिनिटं : ककुद्मी, रेवती आणि आपली रुक्मिणी



आजचं वाचन आहे श्रीमद्भागवताच्या नवव्या स्कंधातला तिसरा अध्याय. कथा छोटी आहे, वाचायला पाच मिनिटं पुरतात. पण ऑफिसच्या बसमध्ये वाचली तर आपला स्टॉप निघून जाईल, अशी आहे.

रेवत राजाने समुद्रात कुशस्थली नावाची नगरी वसवली. त्याला शंभर मुलं होती, त्यातला थोरला ककुद्मी. या ककुद्मीची मुलगी रेवती. मुलीला योग्य स्थळ कोणतं, हे विचारायला तो तिला घेऊन थेट ब्रह्मदेवाकडे गेला. तिथे गंधर्वांचं गाणं चाललं होतं. मध्येच बोलणं बरं दिसत नाही म्हणून तो क्षणभर थांबला. गाणं संपल्यावर नमस्कार करून त्याने मनातली स्थळं सांगितली, तर ब्रह्मदेव हसले. म्हणाले, राजा, ज्यांचा तू विचार केलास ते कधीच गेले. त्यांची मुलं, नातवंडं, गोत्रं, कोणाचं नावही आता ऐकू येत नाही. पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली आहेत.

आता थोडा हिशेब करू. एक चतुर्युग म्हणजे 43,20,000 वर्षं. सत्तावीस चतुर्युगांची 11 कोटी 66 लाख 40 हजार वर्षं होतात. ब्रह्मदेवाचा एक दिवस म्हणजे एक हजार चतुर्युगं, म्हणजे 432 कोटी वर्षं, आणि रात्रही तेवढीच. त्या दिवसाचे आपल्यासारखे बारा तास धरले, तर तिथल्या एका सेकंदात इथली बरोबर एक लाख वर्षं जातात. मग सत्तावीस चतुर्युगांना किती वेळ लागला? 1166 सेकंद, म्हणजे साधारण साडेएकोणीस मिनिटं. मिनिटांचा हिशेब भागवतात नाही, तो माझा आहे. पण एक विलंबित ख्याल निवांत ऐकायला साधारण एवढाच वेळ लागतो, हे पाहून मजा वाटली.

इथे कोणीतरी म्हणेलच, "म्हणजे आपल्या पुराणांत टाइम डायलेशन आधीच होतं!" 2014 च्या 'इंटरस्टेलर' सिनेमात एका ग्रहावरचा एक तास म्हणजे पृथ्वीवरची सात वर्षं असतात, ते आठवतं. पण माझी विनंती आहे, त्या वादात पडू नका. व्यासांना फिजिक्सचा पेपर लिहायचा नव्हता. त्यांना ककुद्मीचा चेहरा दाखवायचा होता. हातात स्थळांची यादी आहे आणि यादीतलं एकही माणूस उरलेलं नाही. आपल्या भाषेत सांगायचं तर कॅशे जुनी झाली, आणि ते त्याला कळलंच नाही.

लक्षात घ्या, भागवत ककुद्मीला दोष देत नाही. तो आळशी नव्हता. चांगल्या जागी, चांगल्या कामासाठी, सभ्यपणे थांबला होता. मुद्दा तोच आहे. वेळ फक्त रील्समध्येच जातो असं नाही, उत्तम संगतीतही जातो. जिथे मन रमतं तिथे घड्याळ दिसत नाही, पण बाहेरचं घड्याळ चालूच असतं.

गीतेच्या आठव्या अध्यायात, सोळाव्या आणि सतराव्या श्लोकांत, भगवंत हेच वेगळ्या अंगाने सांगतात. ब्रह्मलोकापर्यंतचे सगळे लोक परत यायला लावणारे आहेत. आणि लगेच पुढे ब्रह्मदेवाच्या दिवसाचं माप देतात. माप आहे, याचा अर्थ तिथेही काळ आहे. घड्याळ हळू चालणं वेगळं आणि काळाच्या पलीकडे जाणं वेगळं.

आता आपल्या वऱ्हाडाकडे येऊ. ककुद्मीला ब्रह्मदेवांनी सांगितलं की रेवती बलरामाला दे. त्याने दिली. रेवती द्वारकेची सून झाली, आणि विष्णुपुराण सांगतं की द्वारका जिथे आहे तीच तिची जुनी कुशस्थली. त्याच घरात तिची धाकटी जाऊ कोण? आपल्या कौंडण्यपूरची रुक्मिणी! वर्धा नदीच्या काठचं हे गाव अमरावती जिल्ह्यात आहे, आणि तिथून दरवर्षी आषाढीला रुक्मिणीमातेची पालखी पंढरपूरला जाते.

या दोन जावांच्या कथा शेजारी ठेवून बघा. रेवतीचं लग्न ठरवताना युगं निघून गेली. रुक्मिणीने मात्र कोणाची वाट पाहिली नाही. शिशुपालाशी लग्न ठरतंय म्हटल्यावर एका ब्राह्मणाच्या हाती निरोप पाठवला. लग्न कधी, देवीच्या दर्शनाला आपण कधी जाणार, सगळं स्पष्ट सांगितलं. आणि श्रीकृष्ण? त्याने "बघू" म्हटलं नाही. दारुकाला रथ जोडायला सांगितला आणि रातोरात विदर्भ गाठला. ते देवीचं देऊळ म्हणजे अमरावतीची अंबादेवी, अशी आपल्याकडची श्रद्धा आहे.

आपल्यातले कितीतरी जण अकोला-अमरावती सोडून पुण्यात, बंगलोरात, अमेरिकेत आहेत. सुट्टीत घरी गेलो की म्हणतो, "इथे काहीच बदललं नाही, वेळ थांबल्यासारखा वाटतो." खरं तर उलट आहे. ब्रह्मलोकात आपण बसलोय. हे रिलीज झालं की जाऊ, हे अप्रेझल झालं की जाऊ. आपल्याला दोन-तीन स्प्रिंट वाटतात, तोवर तिकडे बाबांना जिना चढताना दम लागायला लागतो. आई फोनवर म्हणते, "काई घाई नाई बाप्पा, तुह्या सवडीनं ये." आई असंच म्हणणार. म्हणून घाई आहे की नाही, ते आपणच ओळखायचं.

साधनेचंही तसंच. "सेटल झालो की पारायण करीन" हे वाक्य ऐकून ब्रह्मदेव पुन्हा हसत असतील.

पण कथेचा शेवट निराशेचा नाही. ककुद्मी परतला तेव्हा यक्षांच्या भीतीने भाऊ दाही दिशांना पांगलेले होते. गेलेलं काही परत आलं नाही. तरी जो त्याच्या यादीत नव्हताच, तो बलराम त्याच्या मुलीला मिळाला. उशीर झाला म्हणून भगवंताचं दार बंद झालं नाही. आणि यावेळी ककुद्मी कुठे थांबला नाही. कन्यादान करून सरळ बदरिकाश्रमात तपाला गेला.

आजचा अभ्यास : वीस मिनिटांचा टायमर लावा. दहा मिनिटं नामस्मरण. उरलेल्या दहा मिनिटांत घरी फोन करा, आणि "येतो कधीतरी" न म्हणता तारीख सांगा. जमलं तर फोन ठेवण्याआधी तिकीटही काढा.

गण गण गणात बोते!