टर्की उतरली, आता पुढे?

ब्राऊन शुगर (हेरॉइन) थांबली की साधारण ६ ते १२ तासांत टर्की, म्हणजे नशा तुटल्याचा त्रास, सुरू होते. नाक-डोळे वाहतात, जांभयांवर जांभया, पोटात मुरडा, जुलाब. पाय तर असे ओढतात की माणूस रात्रभर भिंतीला लाथा मारतो. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी त्रास कळसाला पोचतो आणि आठवड्याभरात बराचसा ओसरतो. मुंबईत १० बाय १२ च्या खोलीत हे सगळं धाकट्या भावंडांच्या देखत चालतं. मग पोरगा जेवायला लागतो, कामावर जातो. आई मला सांगते, "डॉक्टर, सुटला एकदाचा."

नाही हो, अजून सुटलेला नाही. ओढ कित्येक महिने राहते, शरीराची सवय मात्र मोडलेली असते. पूर्वी पचायची तेवढीच पुडी आता श्वास बंद पाडू शकते. व्यसनमुक्ती केंद्रातून, तुरुंगातून किंवा गावाहून परतल्यानंतरचे पहिले काही आठवडे म्हणूनच सगळ्यांत धोक्याचे. हे त्याला स्पष्ट सांगा. "बोललो तर त्याच्या डोक्यात येईल" असं घरचे म्हणतात. ते त्याच्या डोक्यात आहेच.

त्याने पुन्हा घेतली आणि छातीच्या मधल्या हाडावर मुठीने जोरात चोळूनही तो उठत नसेल, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झाल्या असतील, ओठ निळसर पडले असतील, घोरल्यासारखा अडखळत श्वास येत असेल, तर "झोपलाय, झोपू दे" म्हणू नका. १०८ ला फोन लावा, त्याला कुशीवर वळवा, श्वास थांबला असेल तर तोंडाने द्या. त्याने काय घेतलंय ते रुग्णालयात खरं सांगा. नॅलॉक्सोनच्या इंजेक्शनाने माणूस उठून बसतो, पण त्याचा असर लवकर उतरतो. लगेच घरी नेऊ नका.

जिभेखाली ठेवायच्या ब्युप्रेनॉर्फिनच्या गोळीला "एक नशा सोडून दुसरी" म्हणणारे नातेवाईक भेटतील. त्यांचं ऐकू नका. डॉक्टरांच्या देखरेखीखाली घेतलेली ही गोळी ओढ आवरते, जीव वाचवते. बरं वाटतंय म्हणून ती मनाने बंद करू नका.

हातात रोख पैसे देऊ नका. रेल्वेचा पास तुम्हीच काढून द्या. पुन्हा नशेची पन्नी सापडली तर घराबाहेर काढण्याआधी उपचाराला आणा. कुठे जायचं ते कळत नसेल तर १४४४६ हा राष्ट्रीय मदत क्रमांक आहे, फोन मोफत लागतो.