न हसणारा दगड

विद्यार्थी मित्रांनो, तुम्ही सिनेमा पाहता. त्यात नट-नट्या असतात, गाणी असतात, रचलेली गोष्ट असते. पण खऱ्या माणसांचे खरे जीवन दाखवणारा चित्रपटही असतो. त्याला माहितीपट म्हणतात. ग्रीस देशातील फिलिप्पोस कुत्साफ्तिस यांनी असाच एक माहितीपट तयार केला. त्याला किती दिवस लागले असतील, सांगा बरे? एक महिना? एक वर्ष? नाही. दहा वर्षांहून अधिक काळ लागला!

कुत्साफ्तिस हे कॅमेरा चालवणारे कलावंत. अथेन्स शहरापासून सुमारे वीस किलोमीटरवर एलेफ्सीना नावाचे गाव आहे. तेथे ते पुन्हा पुन्हा जात राहिले.

काय होते त्या गावात? प्राचीन ग्रीक लोकांची एक कथा आहे. धान्याची देवता दिमितर हिची मुलगी हरवली. तिला शोधत ती एलेफ्सीनाला आली आणि दुःखाने एका दगडावर बसली. त्या दगडाला लोक 'न हसणारा दगड' म्हणू लागले. कुत्साफ्तिस यांनी आपल्या चित्रपटाला हेच नाव दिले.

पुढे काळ बदलला. १९०२ साली तेथे सिमेंटचा कारखाना निघाला. मग पोलादाचे आणि तेलाचे कारखाने आले. १९२२ साली आशिया मायनरमधून घरदार सोडून आलेले निर्वासित तेथे राहिले. कारखान्यांनी अनेकांना भाकरी दिली, हे खरे. पण नव्या इमारतींसाठी पाया खणला, की जमिनीतून जुन्या भिंती आणि कबरी निघत. त्यांतील काही वाचल्या, काही कायमच्या गाडल्या गेल्या.

कॅमेरा हे सारे पाहत होता. जुनी घरे पडत होती. नवी उभी राहत होती. गावात एक भटका माणूस होता. तो मातीत पडलेले प्राचीन दगडांचे तुकडे वेचून जपून ठेवी. त्याला कोणी पगार देत नव्हते. कुत्साफ्तिस यांनी राजवाड्यातल्या माणसाला द्यावा, तसा मान आपल्या चित्रपटात त्याला दिला.

हा माहितीपट २००० साली लोकांसमोर आला. त्यातील निवेदन कुत्साफ्तिस यांच्याच आवाजात आहे. पुढे २०१५ साली त्यांनी ग्रीसच्या आर्केडिया भागावर माहितीपट काढला. २०२३ साली एलेफ्सीनाला 'युरोपची सांस्कृतिक राजधानी' हा मान मिळाला.

मुलांनो, कुत्साफ्तिस यांना बुलडोझर थांबवता आला नाही. पण जे नाहीसे होत होते, ते त्यांनी धीराने पाहिले आणि टिपून ठेवले. म्हणून ते आज आपल्यालाही पाहता येते. घाई केली असती, तर हे हाती लागले असते का?

शब्दार्थ
निर्वासित – घर व गाव सोडावे लागलेले लोक
निवेदन – चित्रपटात ऐकू येणारी माहिती
टिपून ठेवणे – नोंद करून ठेवणे

स्वाध्याय
१. दगडाला 'न हसणारा' असे का म्हणत?
२. भटक्या माणसाचे काम तुम्हांला मोलाचे वाटते का? कारण सांगा.
३. तुमच्या मोहल्ल्यातील एका जुन्या जागेविषयी घरातील मोठ्यांना विचारा व पाच वाक्ये लिहा.