चिपट्याला पायलीभर ओरड नको

काल भर मीटिंगमध्ये लाइट गेली नि तू वायरमनला फोनवर नको नको ते बोललीस. मी तेव्हा गप्प राहिले. आता राग निवलाय, तर ऐक गो बाय.

सासूबाई ओटीवर भात मोजायच्या. चिपटं, मापटं, शेर, पायली. सोळा चिपट्यांची एक पायली. सून नवी होते मी. ताक सांडलं, पाहुणे उशिरा आले की मी चिडून रडायचे. त्या म्हणायच्या, "चिपट्याचं दुखणं, त्याला पायलीभर ओरड कशाला?" तेव्हापासून काही बिनसलं की मी आधी मापाचं नाव घेते. हे चिपटं. मनात नव्हे, तोंडानं म्हणायचं. तूही म्हणून बघ.

पायली कशी असते, ते आपल्या जिल्ह्यानं पाहिलंय. 3 जून 2020 ला निसर्ग वादळ आलं. दापोली-मंडणगडकडच्या गावांत कित्येक आठवडे वीज नव्हती, पोफळीच्या बागा आडव्या झाल्या. पोफळ पुन्हा लावून सुपारी धरायला किती वर्षं जातात, माहीत आहे ना? पुढच्याच वर्षी 22 जुलैला चिपळूण बुडालं. लोक घराघरांतून चिखल उपसत होते. ओरडायचं तर अशा वेळी, आणि तेही मदतीसाठी.

आता लाइटचं. सव्वाशे इंच पाऊस पडतो इथे. आंब्याची फांदी तारेवर येते, खाऱ्या वाऱ्यानं खांबावरच्या चिनीमातीच्या वाट्यांवर मीठ बसतं, ते ओलं झालं की लाइन पडते. म्हणून लाइट गेली की आधी शेजारी बघ. त्यांच्याकडे असेल तर बहुधा आपल्याच बोर्डाचा स्विच पडलाय. हात कोरडे कर, मगच हात लाव. सगळीकडेच नसेल तर वायरमनला फोन कर, पण खांबाचा नंबर सांग, फांदी कुठे पडलीय ते सांग. त्याला तेवढंच हवं असतं. तो पोरगा भर पावसात खांबावर चढतो. त्याची आई घरी वाट बघत असते, मला तर तिचीच काळजी वाटते.

जूनच्या आधी मोबाइलची बॅटरी, टॉर्च, पिंपात पाणी तयार ठेव. काडेपेटी डब्यात ठेव, सोबत मूठभर भाजलेले तांदूळ टाक, लवकर सादळत नाही.

आणि तो वायरमन आज संध्याकाळी वरच्या आळीत येणार आहे. चहा टाकते. हाक मारून कप तू नेऊन दे.